याचिका मागे घेतली म्हणजे हरला? आदेशात ‘लिबर्टी’ शब्द आहे का, ते आधी बघा

विश्लेषण

कुणी हायकोर्टातून याचिका मागे घेतली की गावात लगेच चर्चा सुरू होते, ‘हरला, म्हणून मागं घेतली.’ काही वेळा ते खरंही असतं. न्यायमूर्तींचा कल विरोधात दिसला की वकील स्वतःहून मागे घेण्याची परवानगी मागतात. याचिका फेटाळल्याचा सविस्तर आदेश डोक्यावर बसण्यापेक्षा ते परवडतं.

पण दरवेळी कारण तेच नसतं. दिल्लीचे तत्कालीन मुख्यमंत्री अरविंद केजरीवाल यांचंच बघा. ईडीच्या प्रकरणात २० जून २०२४ रोजी खालच्या कोर्टानं त्यांना जामीन दिला. दुसऱ्याच दिवशी हायकोर्टानं त्याला तात्पुरती स्थगिती दिली. त्याविरुद्ध ते सुप्रीम कोर्टात गेले. तिथं निर्णय व्हायच्या आत, २५ जूनला हायकोर्टानं स्थगितीचा सविस्तर आदेश काढला. ज्या आदेशाला आव्हान दिलं होतं, तोच जुना झाला. म्हणून २६ जूनला याचिका मागे घेतली गेली आणि नव्यानं दाद मागण्याची मुभा कोर्टानं दिली. यात हार नाही आणि जीतही नाही. सुटकाही झाली नाही. त्याच दिवशी सीबीआयनं त्यांना अटक केली.

गावाकडंही असंच होतं. बांधावरच्या भांडणाचा गुन्हा रद्द करण्यासाठी हायकोर्टात याचिका असते आणि तेवढ्यात पोलीस दोषारोपपत्र दाखल करतात. मग याचिकेत दुरुस्ती करावी लागते, नाहीतर ती मागे घेऊन खालच्या कोर्टात दोषमुक्तीचा अर्ज करावा लागतो.

इथं मुभा महत्त्वाची. हायकोर्टातली रिट याचिका मुभा न घेता मागे घेतली, तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही, असं सुप्रीम कोर्टानं ‘सरगुजा ट्रान्सपोर्ट’ प्रकरणात सांगितलं आहे. माणसाच्या स्वातंत्र्याच्या प्रकरणांना मात्र हा नियम लावलेला नाही. जामीन अर्ज पुन्हा करता येतो. पण परिस्थितीत काही बदल नसेल तर उपयोग कमीच. आधीचा अर्ज लपवायचा तर नाहीच. त्याची माहिती नव्या अर्जात द्यावी, असं सुप्रीम कोर्टानं जानेवारी २०२४ मध्ये बजावलं आहे.

आदेश इंग्रजीत असतो. त्यात ‘डिसमिस्ड ॲज विड्रॉन’ वाचून घाबरू नका. याचा अर्थ मागे घेतली म्हणून निकाली काढली, कोर्टानं खऱ्या-खोट्याचा निवाडा केला असा नाही. पुढं ‘लिबर्टी’ हा शब्द आहे का आणि ती कशासाठी दिली आहे, ते बघा. ई-कोर्ट्सच्या मोबाईल ॲपवर आदेश मिळू शकतो.

आणखी एक. अटकेपासून मिळालेलं तात्पुरतं संरक्षण याचिकेबरोबरच संपतं. कोर्टानं ते काही दिवस वाढवलं तरच टिकतं. अपिलाची मुदतही थांबत नाही. म्हणून मागे घेण्यासाठी होकार देण्याआधी वकिलाला दोन गोष्टी विचारा: मुभा मागितली का, आणि उद्या पोलीस दारात आले तर काय?