रोबोट विकता, मग त्याचं गणितही दाखवा

जळगावच्या सराफ बाजारात मोडीला आलेल्या दागिन्याचा आधी कस पाहतात, मगच भाव बोलतात. सोन्याचे सौदे आपोआप करणारा ‘रोबोट’ मात्र जळगावात काय नि धुळ्यात काय, चढत्या नफ्याचा आलेख बघूनच विकत घेतला जातो.

मेटाट्रेडर ४ या परदेशी चलन आणि सोन्याच्या सौद्यांसाठीच्या सॉफ्टवेअरवर चालणाऱ्या रोबोटच्या दोन फायली असतात. ‘एमक्यू४’मध्ये माणसाने लिहिलेला मूळ कोड, तर ‘ईएक्स४’मध्ये त्याचंच कंपाइल केलेलं, यंत्रापुरतं रूप. गिऱ्हाइकाला बहुधा दुसरीच मिळते. पैसे बुडायला लागले की कंपाइल केलेल्या फायलीतून कोड परत काढणाऱ्या डीकंपायलरची शोधाशोध सुरू होते. फेब्रुवारी २०१४ मध्ये मेटाट्रेडरची ‘बिल्ड ६००’ ही आवृत्ती येईपर्यंत या फायली बऱ्यापैकी उलगडत. नंतर ते फार अवघड झालं. उलगडल्या तरी लेखकाच्या टिपा गायब आणि नावांच्या जागी ‘जीडी_१०४’ असलं काहीतरी.

तरीही नेटाने वाचलं, तर काहींचं गुपित दोन ओळींचं निघतं: तोटा झाला की पुढचा सौदा दुप्पट करा. सुरुवात ०.०१ लॉटने (लॉट म्हणजे सौद्याच्या आकाराचं एकक). ओळीने दहा सौदे बुडाले, तर अकरावा थेट १०.२४ लॉटचा! महिनोन्महिने नफा दिसतो आणि एका दुपारी खातं रिकामं होतं.

हे गणित पाहू इच्छिणाऱ्याला चोर ठरवणं अन्यायाचं आहे. कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ रीतसर घेतलेला प्रोग्राम कसा चालतो, हे निरखायची, तपासायची मुभा देतं. दुसऱ्याचा कोड फोडून आपल्या नावाने विकणं ही मात्र उघड चोरीच. शिवाय डीकंपायलरवाचूनही बरंच कळतं. जुन्या भावांवर रोबोट चालवून सौद्याच्या आकाराचा रकाना तपासला, की दुपटीचा खेळ उघडा पडतो.

परदेशी चलनाचे सौदे करून देणाऱ्या अनधिकृत मंचांची यादी रिझर्व्ह बँक २०२२ पासून देते आहे. रोबोट घेण्याआधी ती बघावीच. शेअर बाजारापुरतं सेबीने ४ फेब्रुवारी २०२५ च्या परिपत्रकात ‘ब्लॅक बॉक्स’ अल्गो, म्हणजे आतलं गणित न दाखवणारा असाच सौदे करणारा प्रोग्राम, देणाऱ्याला संशोधन विश्लेषक म्हणून नोंदणी आणि प्रत्येक अल्गोचा अहवाल ठेवणं बंधनकारक केलं. पाऊल योग्य, पण अर्धं. सेबीच्याच अभ्यासानुसार २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत वायदे-ऑप्शन्समध्ये ९३ टक्के वैयक्तिक गुंतवणूकदार तोट्यात गेले. अशा बाजारात तो अहवाल विक्रेत्याच्या कपाटात राहून भागणार नाही. रोबोट तोट्यानंतर काय करतो आणि सौदा कुठवर वाढवतो, एवढं तरी पैसे भरण्याआधी गिऱ्हाइकाला मराठीत लेखी मिळालं पाहिजे.