बारा वर्षांची वहिवाट आणि अपिलाचा भरवसा

जिल्ह्याच्या बैठकीला येणाऱ्या शेतकऱ्याच्या पिशवीत बँकेच्या नोटिशीबरोबर कोर्टाचेही कागद असतात. शेजाऱ्याने बांध कोरत कोरत दोन गुंठे आत घेतले. वाट्याने दिलेले रान वाटेकरी सोडेना. बहिणीचा हिस्सा भावाने दाबला. सगळ्यांच्या तोंडी एकच वाक्य: 'खाली हरलो तरी वर अपिलात बघू.' या भरवशावर जमिनी जातात, म्हणून आज त्याविषयीच लिहितो आहोत.

१९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे मालकी हक्काच्या जोरावर जमिनीचा ताबा परत मागायचा, तर ताबा मालकाच्या विरुद्ध झाल्यापासून १२ वर्षांत दावा लावावा लागतो. ती मुदत गेली की नुसता दावाच बुडत नाही, याच कायद्याच्या कलम २७ प्रमाणे मालकीच संपते. वकील मंडळी याला प्रतिकूल ताबा म्हणतात. सात-बारावर नाव आहे या समाधानात बसलेल्याला हे ठाऊक नसते. तहसीलदाराकडे अर्ज केला, वकिलाची नोटीस दिली, मोजणी करून 'क' प्रत घेतली, एवढ्याने ही १२ वर्षे थांबत नाहीत. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये असे आपण म्हणतो. पण हा कायदा न चढणाऱ्यालाच दंड करतो.

मात्र बारा वर्षे नांगर धरला म्हणजे जमीन आपली झाली, हा समजही तितकाच खोटा. ताबा उघड, अखंड आणि मालकाचा हक्क नाकारून असला पाहिजे. वाटेकऱ्याचा ताबा मालकाच्या परवानगीचा असतो. इसारपावतीवर मिळालेला ताबाही तसाच. एकत्र जमीन कसणारा भाऊ कायद्याच्या नजरेत सर्व हिस्सेदारांच्या वतीने कसतो. बहिणीचा हक्क त्याने उघडपणे नाकारला आणि ते तिला कळले, हे दाखवल्याशिवाय तिचा हिस्सा बुडत नाही. भगिनींनी हे पक्के ध्यानात ठेवावे. आदिवासीची जमीन तर बिगर आदिवासीला या वाटेने मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली ओरिसातील एका प्रकरणात सांगितले आहे.

आता अपिलाचे. पहिल्या अपिलात पुरावा आणि कायदा दोन्ही तपासता येतात. जिल्हा न्यायालयात ते ३० दिवसांत करावे लागते. नकलेसाठी लागलेले दिवस त्यातून वजा होतात. नुसते अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मागावी लागते. ती न मागितल्यामुळे अपील चालू असतानाच ताबा गेला, असे होऊ शकते. उच्च न्यायालयातले दुसरे अपील कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच चालते. ताबा कधीपासून, कोणाचा, परवानगीचा की विरोधाचा, हे वस्तुस्थितीचे प्रश्न आहेत. खालच्या दोन्ही कोर्टांनी त्यावर एकच निर्णय दिला, तर वरचे कोर्ट सहसा त्यात हात घालत नाही.

म्हणजे अपिलाचे भवितव्य पहिल्या कैफियतीतच ठरते. ताबा कोणत्या तारखेपासून विरुद्ध झाला, मालकाला तो कसा कळला, हे तिथे लिहिलेले नसेल तर वर नवीन सांगता येत नाही. 'जमीन मी विकत घेतली, आणि नसेल तर वहिवाटीने माझी' अशी दुहेरी कैफियत बहुधा दोन्हीकडून पडते. कारण प्रतिकूल ताबा मागायचा तर आधी समोरच्याची मालकी मानावी लागते.

हा कायदा रद्दच करा, असे काही बांधव म्हणतात. २००८ साली सर्वोच्च न्यायालयानेही तो अतार्किक ठरवून फेरविचार सुचवला होता. पण २०१९ साली त्याच न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांनी, या हक्कावर ताबेदार स्वतःही दावा लावू शकतो, असा निर्णय दिला. २०२३ साली विधी आयोगाने बदलाची गरज नाही म्हटले. आम्हीही सरसकट रद्द करा म्हणत नाही. पूर्ण किंमत मोजून, नोंदणीचा खर्च परवडला नाही म्हणून साध्या कागदावर जमीन घेतलेला आणि दोन पिढ्या ती कसणारा गरीबही याच कायद्याच्या आडोशाला आहे.

आमचा आक्षेप सरकारवर आहे. आपली जमीन परत मागायला सरकारला ३० वर्षांची मुदत, शेतकऱ्याला १२! वर सरकारच शेतकऱ्याच्या जमिनीवर वहिवाट सांगते. हिमाचल प्रदेशात १९६७-६८ मध्ये एका निरक्षर विधवेची जमीन भूसंपादन न करताच रस्त्यासाठी घेतली गेली. तिने मोबदला मागितला तेव्हा सरकारने प्रतिकूल ताब्याचा बचाव घेतला. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला आणि मोबदला देण्यास फर्मावले. पण त्यासाठी तिला दिल्लीपर्यंत जावे लागले. सरकारला हा बचाव घेताच येणार नाही, असे कायद्यातच लिहावे, ही आमची मागणी आहे.

तोवर आपले काम आपण करू. पीकपाहणी दर हंगामाला स्वतः नोंदवा. वाट्याने जमीन देताना लेखी करा. बांध सरकला तर बारा वर्षे वाट पाहू नका. बहिणींची नावे सात-बारावर लावा. आणि कोर्टात जायचेच तर पहिल्या दिवशी सर्व कागद घेऊन जा. अपिलासाठी काहीही राखून ठेवू नका.