चळवळ्यांची लेकरे

जहाल राजकारणात पडलेल्या माणसाने संसार मांडू नये, मांडलाच तर मुले होऊ देऊ नयेत, हा आक्षेप महाराष्ट्रात जुना आहे. तुरुंग बाप भोगतो आणि शिक्षा लेकराला होते, हे त्याचे सार. उलट बाजूने चळवळीचे भक्त म्हणतात की लेकरांनीही त्याग केला. दोन्ही मते मुलाला न विचारताच ठरलेली आहेत.

नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यापुरते पाहायचे तर पारनेरच्या सेनापती बापटांचे घर समोर येते. 1914 साली त्यांना मुलगा झाला. त्याच्या बारशाला पहिले जेवण अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना वाढले गेले. 1920 मध्ये आई वारली, तेव्हा मूल सहा वर्षांचेही नव्हते. पुढच्या वर्षी वडील मुळशीच्या धरणविरोधी सत्याग्रहात उतरले. वारंवार तुरुंग झाला, शेवटी रेल्वे अडवल्याबद्दल सात वर्षांची सक्तमजुरी. सुटका 1931 साली, आणि थोड्याच काळात पुन्हा तुरुंग. मुलाची हानी खरी आहे. तिला त्याग म्हणणे अन्यायाचे आहे, कारण सहा वर्षांचे मूल काही सोडत नाही, त्याच्याकडून काढून घेतले जाते. पण काढून घेणारा बापच, हा निष्कर्षही टिकत नाही. टाटांच्या धरणाखाली मुळशी पेट्यातली गावे बुडत होती आणि त्या गावांतही लेकरे होती. आक्षेप घेणारा एकच मूल मोजतो.

शिवाय मुलाला सर्वाधिक छळते ते शेजाऱ्यांचे बोलणे. याच जिल्ह्यातल्या मिरजगावसारख्या गावात माणसाची ओळख ‘अमक्याचा मुलगा’ अशीच होते. बापावर खटला झाला की तो शाळेत, बाजारात, सोयरिकीच्या बोलण्यात मुलामागे येतो. हे ओझे बापाच्या मतांनी घातलेले नाही, गावाने घातलेले आहे.

दुसरा आक्षेप असा की अशी मुले एक तर कडवट होतात, नाही तर बापाची बाहुली बनतात. कम्युनिस्ट नेते कॉम्रेड डांगे यांची कन्या रोझा देशपांडे यांचे आयुष्य याला उत्तर देते. 1929 च्या मार्चमध्ये डांगे कम्युनिस्टांवरच्या मीरत कट खटल्यात पकडले गेले. त्याच वर्षीचा रोझाचा जन्म, आणि नाव रोझा लक्झेंबर्गवरून. वडील सुटले 1935 मध्ये. मधल्या काळात घर होते ते आई उषाताईंचे. त्या स्वतः गिरणीतल्या बायकांना संघटित करत होत्या. ‘बापाविना वाढलेली’ असे म्हणताना ही आई कोणाच्या हिशेबात नसते. रोझाताई पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात उतरल्या, 1974 च्या पोटनिवडणुकीत मध्य मुंबईतून काँग्रेसच्या रामराव आदिकांना हरवून लोकसभेत गेल्या. 1980 मध्ये मूळ कम्युनिस्ट पक्ष सोडून रोझाताई एका नव्या कम्युनिस्ट पक्षात गेल्या. वडिलांना मूळ पक्षाने 1981 मध्ये काढले, त्यानंतर ते तिकडे आले. त्या पक्षाची भूमिका योग्य होती की नाही, हा वेगळा वाद; पण इथे मुलीमागून बाप गेला.

म्हणून जहालांना मुले असावीत का, हा प्रश्नच चुकीच्या दाराशी उभा आहे. विचारायचे ते चळवळीला आणि गावाला: बाप आत असताना फी कोण भरतो, भेटीला मुलाला कोण नेतो, खटला कशाचा आहे हे त्याला न लपवता कोण सांगतो? आणि मोठेपणी त्या मुलाने बापाचे मत नाकारले, तर त्याला गद्दार न म्हणण्याची हमीही चळवळीनेच द्यायला हवी.