रंग कोणाचा, दोष कोणाला?

बदलीच्या नोकरीत गावोगाव बिऱ्हाड फिरविणाऱ्या आमच्या वाचकांपुढे आज आम्ही एक अगदी घरगुती प्रश्न मांडीत आहो. पांढरे आणि रंगीत कपडे एकाच दोरीवर एकमेकांना लगटून वाळत घालावेत काय? आमचे उत्तर स्पष्ट नकाराचे आहे. हा विषय ज्यांना क्षुल्लक वाटेल त्यांनी आपल्या घरी महिनाअखेर कोणाच्या पगारातून कशाचे पैसे कापले जातात, हे एकदा पाहावे आणि मग हसावे.

येलहंक्यास आम्ही काही वर्षे राहत आहो. १९८४ साली सुरू झालेला रेल्वेचा चाकांचा कारखाना, हवाई दलाचा तळ, केंद्रीय राखीव पोलीस दलाचे केंद्र, यांच्या निमित्ताने येथे मराठी कुटुंबे येतात, तीन-चार वर्षे राहतात आणि पुढच्या गावी जातात. येताना ती आपल्याबरोबर नागपूरच्या किंवा सोलापूरच्या उन्हाच्या सवयी आणतात. तेथे वैशाखात धोतर पिळून टाकावे आणि तासाभरात घडी घालावी. बंगळूर हे समुद्रसपाटीपासून सुमारे नऊशे मीटर उंचीवरचे शहर. जूनपासून आभाळ भरलेले, आणि खरा पाऊस ऑगस्ट ते ऑक्टोबर. सकाळी घातलेला सदरा संध्याकाळी कॉलरपाशी ओलाच लागतो. त्यात नव्या इमारतींत रस्त्याच्या बाजूस कपडे दिसू नयेत असा दंडक असतो. मग स्वयंपाकघरामागच्या ज्या चिंचोळ्या जागेस येथे ‘युटिलिटी’ म्हणतात, तेथे छताला टांगलेल्या सहा दांड्यांवर साऱ्या घराचे धुणे कोंबले जाते. ओला कपडा ओल्या कपड्याला टेकून दिवसभर राहतो. आमच्या वादाचे मूळ या दिवसभराच्या सहवासात आहे.

आमच्या विरुद्ध पहिला आक्षेप सुधारकी वळणाचा आहे. पांढरे वेगळे, रंगीत वेगळे हे आजीच्या सोवळ्याचे खूळ आहे, ते सोडा, असे काही सुशिक्षित गृहस्थ सांगतात. त्यांनी सोवळे नीट पाहिलेले नसावे. जुन्या वाड्यांत सोवळ्याचे कपडे उंच दांडीवर काठीने वाळत टाकीत, ते कोणाचा हात लागू नये म्हणून. त्या दांडीवर पांढरे पंचे आणि रंगीत लुगडी खुशाल शेजारी राहत. तेथे भीती स्पर्श करणाऱ्या माणसाची होती, रंगाची नव्हती. ती भीती अन्यायाची होती, आणि ती गेली पाहिजे याविषयी आमचे दुमत नाही. मात्र ती सर्वत्र गेलेली नाही. कामाला येणाऱ्या बाईने पावसात भिजलेला आपला पदर घटकाभर आपल्या दांडीवर टाकलेला ज्यांना खपत नाही, तेच गृहस्थ आपला पांढरा सदरा आणि नवी लाल ओढणी एकत्र टांगून स्वतःस आधुनिक म्हणवितात. माणसांचे सोवळे ठेवले आणि कपड्यांचे शास्त्र टाकले, असा हा उलटा व्यवहार आहे.

दुसरा आक्षेप अधिक विचारपूर्वक केलेला आहे. पूर्वीचे रंग कच्चे होते, आताचे पक्के आहेत, तेव्हा भीती कसली? यात थोडे तथ्य आहे. जुन्या पद्धतीचे कित्येक रंग सुताला नुसते धरून बसत आणि पाणी लागताच सुटत. १९५६ साली धाग्याशी रासायनिक बंध जोडणारे नवे रंग बाजारात आले आणि सुती कापडाचे भाग्य पालटले. परंतु कढईतला सगळा रंग असा बांधला जात नाही. जो उरतो तो कारखान्यात गरम पाण्याने वारंवार धुऊन काढावा लागतो. पाणी, इंधन आणि वेळ वाचविण्यासाठी त्यात काटकसर केली, की तो सैल रंग कापडाबरोबर आपल्या घरी येतो. गडद लाल, काळा, निळा यांत तो विशेष.

कापडाची परीक्षा करणारे लोक या बाबतीत आपल्यापेक्षा सावध असतात. रंगीत नमुना भिजवून, पांढऱ्या कापडाला लावून, दाबाखाली सदतीस अंश उष्णतेत चार तास ठेवायचा आणि पांढऱ्यावर किती डाग पडला त्यास एक ते पाच अशी प्रत द्यायची, ही त्यांची एक ठरलेली कसोटी आहे. कोरडे घासणे आणि ओले घासणे यांची परीक्षाही ते निरनिराळी घेतात, कारण कोरड्यात उत्तीर्ण झालेला रंग ओल्यात पुष्कळदा नापास होतो. आमच्या युटिलिटीतली दांडी ही त्याच कसोटीची घरगुती आवृत्ती आहे. पाणी एका कापडातून दुसऱ्यात झिरपते आणि सैल रंगास बरोबर नेते. वरच्या दांडीवरून ठिबकले तरी तेच. आणि पाणी जेथून उडून जाते तेथे, म्हणजे कडांवर आणि घड्यांवर, रंग साठून राहतो. पुष्कळांच्या लक्षात न येणारी गोष्ट अशी, की दोरी स्वतःच रंग पिते आणि दुसऱ्या दिवशीच्या ओल्या पांढऱ्यावर आडवी रेघ उमटवते.

उन्हाचा न्यायही दोघांस सारखा नाही. पांढऱ्या सुती कपड्यास ऊन मानवते, त्याचा मळकटपणा उन्हात उतरतो. रंगीत कपडा त्याच उन्हात विटतो, म्हणून तो उलटा करून सावलीत टाकावा. रेशमास तर ऊन पिवळे पाडते. एकाच दोरीवर सर्वांना टांगणारा गृहस्थ एकाचे तरी नुकसान करतोच.

आता ज्या कारणाने आम्ही लेखणी उचलली ते सांगतो, आणि ते आम्हांस भूषणावह नाही. गेल्या आषाढात आमच्याच घरी तीन पांढऱ्या सदऱ्यांवर किरमिजी डाग पडले. शेजारी नवी सुती ओढणी वाळत होती. धुणे-भांडी करणाऱ्या बाईंनी निष्काळजीपणा केला, असे आम्ही ठरविले आणि एका सदऱ्याचे चारशे रुपये त्यांच्या पगारातून कापले. त्या काही बोलल्या नाहीत. पुढे शेजारच्या कन्नड कुटुंबाकडून कळले, की ओढणी भिजवितानाच त्यांनी आमच्या घरी सांगितले होते, ‘ई बट्टे बण्ण बिडुत्ते.’ हे कापड रंग सोडते. मराठीत आपण जसे म्हणतो तसेच, शब्दाला शब्द. तीन वर्षे या गावचे मीठ खाऊन आम्हांस एवढे कन्नड कळले नव्हते. आम्ही मान डोलावली, आणि तीच ओढणी सदऱ्यांशेजारी टाका, अशी खूणही आम्हीच केली, कारण दुसरी दांडी आमच्याकडे नव्हती.

पैसे परत केले. बाईंनी ते घेतले, मोजले आणि कामाला लागल्या. आमच्या मनात मात्र हा विचार घर करून राहिला, की सावधगिरीचे ज्ञान ज्यांच्या हाती होते त्यांनाच आम्ही अडाणी ठरविले होते. ज्या परीट समाजात गाडगेबाबांचा जन्म झाला, त्याच्या हातांना कापडाची जी पारख असते ती आमच्या पदव्यांत नाही, हे कबूल करण्यास आमच्या वर्गास अजून जड जाते.

सबब आमचे म्हणणे थोडक्यात असे. नव्या गडद कपड्याच्या आतल्या शिवणीवर ओले पांढरे फडके ठेवून गरम इस्त्री दाबावी. फडक्यावर रंग उतरला, तर तो कपडा कित्येक धुण्यांपर्यंत वेगळा धुवावा आणि वेगळा वाळवावा. मिठाच्या पाण्यात बुडवून कच्चा रंग पक्का होतो, या समजुतीवर विसंबू नये. पांढऱ्यासाठी निराळी दोरी बांधावी. जागा नसेल तर एक दिवस पांढरे, एक दिवस रंगीत असा वार ठरवावा. डाग पडलाच तर कपडा वाळू न देता त्याच घटकेस पुन्हा धुवावा, वाळून इस्त्री झाल्यावर तो निघणे कठीण.

ही व्यवस्था करणे घरमालकाचे काम आहे. ज्याच्या घरात एकच दांडी आहे, त्याने डागाचे पैसे कामकरणीच्या पगारातून कापू नयेत. आणि ज्या गावी आपली बदली झाली, त्या गावची भाषा निदान दोरीपाशी चालणाऱ्या बोलण्यापुरती तरी शिकून घ्यावी.