विकलेल्या प्रदेशाची वाट सांगा : ठाणे, कल्याण व डोंबिवलीतील गेम खेळाडूंचे मागणीपत्र

प्रति,
व्हिडिओ गेम तयार करणाऱ्या व प्रकाशित करणाऱ्या कंपन्या,
गेम विकणारी डिजिटल दुकाने,
ठाणे, कल्याण व डोंबिवली येथील गेमविक्रेते,
ग्राहक व्यवहार विभाग, भारत सरकार,
महाराष्ट्र शासन.

विषय : काल्पनिक जगातल्या रोल-प्लेइंग गेममध्ये वेगळे पैसे भरून घेतलेल्या विस्तार-प्रदेशात प्रवेश मिळण्याबाबत.



आम्ही ठाणे, कळवा, डोंबिवली, कल्याण आणि आसपास राहणारे खेळाडू आहोत. आमच्यातले काही कॉलेजात शिकतात, काही रोज लोकलने मुंबईला नोकरीला जातात, काहींची मुले आता शेजारी बसून कंट्रोलर मागू लागली आहेत. आम्ही गेम विकत घेऊन खेळतो. फुकट मिळवण्याचे रस्ते सगळ्यांनाच ठाऊक असतात, पण वर्षानुवर्षे खपून ज्यांनी एक अख्खे जग उभे केले त्यांना मोबदला मिळालाच पाहिजे असे आम्ही मानतो. म्हणून गिऱ्हाइकाच्या नात्याने बोलण्याचा हक्क आम्हाला आहे.

आमचे म्हणणे थोडक्यात असे : ज्या प्रदेशाचे पैसे घेतले, तिथे पोचायच्या अटी पैसे घेण्याआधी आणि गिऱ्हाइकाला समजेल अशा भाषेत सांगितल्या पाहिजेत. जुनी सेव्ह (खेळाची साठवलेली प्रगती) हाताशी नसली तरी तिथे पोचायची एक वाट असली पाहिजे. लढाया सोप्या करा, असे आम्ही कुठेही म्हणत नाही.

वस्तुस्थिती

सर्वांना माहीत असलेले उदाहरण घेतो. फ्रॉमसॉफ्टवेअरचा ‘एल्डन रिंग’ २५ फेब्रुवारी २०२२ रोजी आला. त्याचा विस्तार ‘शॅडो ऑफ द अर्डट्री’ २१ जून २०२४ रोजी आला आणि पहिल्या तीन दिवसांत त्याच्या पन्नास लाख प्रती खपल्या. अमेरिकेत त्याची किंमत जवळजवळ ४० डॉलर होती, म्हणजे ६० डॉलरच्या मूळ गेमच्या दोन तृतीयांश. एवढे पैसे भरून, डाउनलोड पूर्ण करून माणूस गेम सुरू करतो, आणि नवा प्रदेश कुठेच दिसत नाही. नकाशावर खूण नाही, मेनूत वेगळे दार नाही.

दार आहे, पण ते मोहगविन पॅलेसमध्ये आहे. आधी केलिडमधल्या रेडमेन किल्ल्यावर राडान या शत्रूला हरवायचे. मग रक्ताचा स्वामी मोहग याला हरवायचे. त्याच्या सिंहासनाजवळच्या कोशातून लोंबणाऱ्या सुकलेल्या हाताला स्पर्श केला की आपण सावलीच्या प्रदेशात, म्हणजे विस्ताराच्या नव्या प्रदेशात, पोचतो. मोहगपर्यंत जायलाही दोनच वाटा. पहिली वाट वारे नावाच्या पांढऱ्या मुखवट्याच्या माणसाच्या कामगिरीतून जाते. दुसऱ्या वाटेसाठी राजधानीत मॉर्गॉट या शत्रूला हरवायचे, हिमाच्छादित पर्वतांत चढायचे, गुप्त पदकाचे दोन तुकडे दोन वेगळ्या ठिकाणांहून शोधायचे आणि रोल्डच्या उद्वाहकावर ते पदक उंचावायचे. तेव्हा कुठे आपण एका बर्फाळ मैदानात पोचतो आणि तिथे पश्चिमेला एक द्वार मिळते. मोहग हा मुख्य कथेतला सक्तीचा शत्रूही नाही. त्याला न भेटता गेम संपवता येतो, आणि अनेकांनी तो तसाच संपवला आहे. विस्तार बाजारात आला त्या सुमारास स्टीम या डिजिटल दुकानावरील उपलब्धींच्या (अचीव्हमेंट) नोंदीत मोहगला हरवलेल्यांचे प्रमाण ४० टक्क्यांच्या आतच होते.

या अटी प्रकाशनाआधी जाहीर झाल्या होत्या, हे आम्ही प्रामाणिकपणे नोंदवतो. मुलाखती आणि बातम्या वाचणाऱ्यांना त्या कळल्या. दुकानात उभ्या असलेल्या, किंवा सेल लागला म्हणून रात्री फोनवरून खरेदी करणाऱ्या माणसापर्यंत त्या पोचल्या नाहीत.

हा प्रकार नवा नाही. ‘डार्क सोल्स’च्या ‘आर्टोरियस ऑफ द अॅबिस’ या विस्तारात पोचण्यासाठी हायड्रा मारल्यावर दिसणाऱ्या सोनेरी स्फटिक-दैत्यातून राजकन्या डस्कला सोडवायचे, मग ड्यूकच्या ग्रंथागारात जाऊन एका दैत्याकडून तुटलेले पदक मिळवायचे आणि पुन्हा हायड्राच्या तळ्याकाठी यायचे. कोणी सांगितल्याशिवाय हे सुचणे जवळजवळ अशक्य. उलट ‘स्कायरिम’च्या ‘ड्रॅगनबॉर्न’मध्ये विंडहेल्मच्या धक्क्यावर नाखव्याशी बोलून भाडे दिले की बोट नव्या प्रदेशाला, सोलस्थाइमला, जाते. आणि सीडी प्रोजेक्ट रेडने ‘द विचर ३’च्या ‘ब्लड अँड वाइन’मध्ये २०१६ सालीच तोडगा दाखवून ठेवला आहे. नवा खेळ सुरू करताना फक्त हा विस्तार निवडता येतो. नायक गेराल्ट ३४ व्या लेव्हलचा, शस्त्रे-चिलखतासह तयार मिळतो आणि खेळाडू थेट तूसाँच्या द्राक्षमळ्यांत उतरतो. ज्यांना जुन्या सेव्हवरून जायचे त्यांची वाट उघडीच राहते. कोणाचेही काही बिघडले नाही.

अडचण आमच्याकडे अधिक का जाणवते

बदलापूर किंवा डोंबिवलीहून रोज मुंबई गाठणारा माणूस रात्री नऊ-साडेनऊला घरी येतो. घरात टीव्ही एकच. जेवणे उरकली, मालिका संपली की त्याला तासभर मिळतो. नवख्या खेळाडूला मोहगच्या दारापर्यंत यायला पन्नास-साठ तास सहज लागतात. म्हणजे आज विकत घेतलेला प्रदेश त्याला दीड-दोन महिन्यांनी दिसणार. तोवर तो नवे जग शोधत नसतो, फक्त दार शोधत असतो.

यात पैशाचा पेच आहे आणि तो आम्हाला सर्वांत अन्यायकारक वाटतो. स्टीमच्या नियमाप्रमाणे विस्ताराचे पैसे परत मागायचे तर खरेदीला चौदा दिवस झालेले नसावेत, आणि खरेदीनंतर मूळ गेम दोन तासांपेक्षा कमी खेळलेला असावा. विस्तार घेऊन दार शोधायला निघालेला खेळाडू पहिल्याच रविवारी हे दोन तास ओलांडतो. विस्ताराचा एक दगडही पाहिलेला नसतो, तरी परताव्याचा हक्क गेलेला असतो. हा नियम गैरवापर रोखण्यासाठी केला असेल, आणि तो हेतू रास्त आहे. पण ज्याने वस्तू उघडलीच नाही त्याला तो लागू करणे रास्त नाही.

सेव्हचेही तसेच. २०२२ मध्ये ज्याने पीएस४ वर एल्डन रिंग पूर्ण केला आणि पुढे कन्सोल विकून पीसी घेतला, त्याची सेव्ह पीसीवर येत नाही. विस्तारासाठी त्याला पुन्हा शून्यापासून सुरुवात. ऐन लढाईत वीज गेली आणि सेव्ह खराब झाली तरी तेच. गेमिंग कॅफेत तासाचे पैसे भरून खेळणाऱ्या मुलांची अवस्था याहून वाईट, कारण तिथली सेव्ह त्यांची नसतेच.

डिस्कचा प्रश्न तर फार कमी लोकांना ठाऊक आहे. दुबईहून किंवा अमेरिकेहून आलेल्या नातेवाइकाने प्रेमाने आणलेली, किंवा दुकानात सेकंडहँड घेतलेली प्लेस्टेशनची डिस्क वेगळ्या विभागाची असेल, तर भारतीय स्टोअरवरून घेतलेला विस्तार तिच्याशी जुळत नाही. मूळ गेम मात्र सुरळीत चालतो, त्यामुळे विस्ताराचे पैसे भरेपर्यंत काहीच कळत नाही. आमच्यातल्या एकाला हा अनुभव आला तेव्हा दुकानदाराने हात वर केले आणि ऑनलाइन मदत केंद्राने इंग्रजीतला ठरावीक मजकूर पाठवला.

भाषेबद्दल सविस्तर बोलायला हवे. एल्डन रिंगमध्ये चौदा भाषांची सोय आहे. त्यांत थाई आहे, पोलिश आहे, कोरियन आहे. एकही भारतीय भाषा नाही. २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा सांगणारे ८ कोटी ३० लाख होते. कल्याणात १८६४ पासून सार्वजनिक वाचनालय आहे, ठाण्यात १८९३ पासून मराठी ग्रंथसंग्रहालय आहे. २०१० चे साहित्य संमेलन ठाण्याने भरवले आणि २०१७ चे डोंबिवलीने. वाचणाऱ्यांची ही शहरे आहेत. इथली मराठी माध्यमातली मुले गेममधल्या वस्तूंच्या वर्णनांत दडलेली कथा डिक्शनरी लावून वाचतात, आणि त्याच वर्णनांत दाराचा माग असतो. तो चुकला म्हणजे मुलगा कमी पडला असे नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने ‘राजी’ या गेमच्या २०२२ च्या सुधारित आवृत्तीत हिंदी संवाद दिले. लहान स्टुडिओला जे जमले ते मोठ्यांना अवघड नाही.

आमच्यावर घेतली जाणारी हरकत

गूढ हाच या खेळांचा आत्मा आहे, अटी आधी सांगितल्या तर शोधाचा आनंद जातो, असे आमच्यातलेही काही जण म्हणतात. त्यांच्या मताचा आम्हाला आदर आहे आणि आमच्या संघटनेत यावर पुष्कळ वाद झाला. अखेर सर्वांचे एकमत ज्या दाखल्यावर झाले तो आमच्या घरचाच आहे. शनिवारी रात्री शेवटची कसारा लोकल पकडून निघणाऱ्यांना हरिश्चंद्रगड पाठ असतो. पाचनईची वाट सोपी, खिरेश्वरहून तोलार खिंडीची मध्यम, नळीची वाट कठीण. वर्गणी घेण्याआधी आयोजक कोणती वाट आणि किती दम लागेल ते सांगतो. त्याने सांगितले म्हणून कोकणकड्याची भव्यता उणावत नाही, आणि पाचनईची वाट आहे म्हणून नळीच्या वाटेने चढणाऱ्याचा मानही कमी होत नाही.

शिवाय ज्यांनी एल्डन रिंग घडवला त्यांनीच दोनदा आमच्या बाजूने कौल दिला आहे. वारेच्या कामगिरीत पूर्वी ऑनलाइन जाऊन इतर खेळाडूंच्या जगात घुसावे लागे, आणि प्लेस्टेशनवर त्यासाठी वेगळे मासिक पैसे मोजावे लागत. ऑगस्ट २०२२ मधल्या १.०६ पॅचने तोच टप्पा ऑफलाइन, गेममधल्याच एका पात्राला हरवून पुरा करण्याची सोय दिली. दुसरे म्हणजे, सावलीच्या प्रदेशात ताकद वाढते ती स्कॅड्युट्रीचे तुकडे गोळा करून. ही मोजणी मुख्य खेळातल्या लेव्हलपासून वेगळी ठेवलेली आहे. वेगळ्या सुरुवातीचा पाया रचनेतच घातलेला आहे, त्यावर दार बसवणे तेवढे बाकी आहे.

मागण्या

१. विस्तार विकताना खरेदीच्या बटणाशेजारी तीन गोष्टी ठळक लिहाव्यात : प्रवेशासाठी कोणते टप्पे पूर्ण हवेत, साधारण किती तास लागतील, आणि खेळाडूच्या चालू सेव्हवरून तो आज प्रवेश करू शकतो की नाही. तिसरी गोष्ट सांगणे डिजिटल दुकानांना फारसे कठीण जाऊ नये, कारण कोणी कोणता बॉस मारला याची बरीच नोंद उपलब्धींच्या रूपात त्यांच्याकडे असते. कथा उघड होऊ नये असे ज्यांना वाटते त्यांच्यासाठी हा मजकूर झाकलेला ठेवावा, ज्याला हवा त्याने उघडावा.

२. प्रत्येक विस्तारासोबत तयार पात्राने थेट सुरुवात करण्याचा पर्याय द्यावा. अशा सुरुवातीला वेगळी खूण लावावी, ट्रॉफी वेगळ्या ठेवाव्यात, आमची हरकत नाही. बॉसची एक टक्का ताकदही कमी करू नये.

३. परताव्याचे दोन तास खेळाडूने विस्तार-प्रदेशात पहिले पाऊल टाकल्यापासून मोजावेत. चौदा दिवसांची मर्यादा अशा खरेदीसाठी साठ दिवस करावी.

४. डिस्क विकणाऱ्या आमच्या शहरांतल्या दुकानदारांनी पाकिटाच्या कण्यावरचा सीयूएसए किंवा पीपीएसएने सुरू होणारा क्रमांक आणि डिस्कचा विभाग बिलावर लिहावा. विभाग वेगळा असल्यास भारतीय स्टोअरचा विस्तार चालणार नाही हे तोंडी सांगावे. याला एक पैसाही खर्च नाही.

५. मराठी मजकूर. पूर्ण भाषांतर एका वर्षात होणार नाही हे आम्ही समजतो. सुरुवात खरेदीच्या पानावरील अटी, परताव्याचे नियम आणि मदत केंद्राची उत्तरे यांपासून करावी. त्यानंतर मेनू आणि वस्तूंची वर्णने. भाषांतर तपासण्याचे काम आमचे सदस्य करतील, पण लेखकाचे व भाषांतरकाराचे मानधन कंपनीने द्यावे. हौशी मुलांकडून फुकट काम करून घेऊ नये.

६. ग्राहक संरक्षण (ई-कॉमर्स) नियम, २०२० डिजिटल उत्पादनांना लागू आहेत, आणि भारतात नियमित विक्री करणाऱ्या परदेशी कंपन्यांनाही लागू आहेत. प्रवेशाच्या अटी ही खरेदीपूर्वी द्यावयाची आवश्यक माहिती आहे, असे ग्राहक व्यवहार विभागाने परिपत्रकाने स्पष्ट करावे.

७. राज्य मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२५ मध्ये अॅनिमेशन, व्हीएफएक्स, गेमिंग व कॉमिक्ससाठीचे एव्हीजीसी-एक्सआर धोरण मंजूर केले. त्यातून सवलत घेणाऱ्या स्टुडिओंना मराठी मजकुराची अट घालावी. महाराष्ट्राच्या पैशातून बनलेला खेळ महाराष्ट्राच्या भाषेत खेळता आला पाहिजे.

आमच्याकडून आम्ही एवढे करू : प्रमुख विस्तारांच्या प्रवेशाच्या वाटा मराठीत लिहून आमच्या तिन्ही शहरांतल्या खेळाडूंना विनामूल्य देऊ, आणि पायरेटेड प्रतीसाठी कोणालाही मदत करणार नाही. विभाग न जुळल्यामुळे किंवा अटी न कळल्यामुळे ज्यांचे पैसे अडकले आहेत त्यांनी बिल जपून ठेवावे आणि राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवावी, असे आवाहन आम्ही या पत्राद्वारे करतो.

वरील नियमांनुसार ग्राहकाच्या तक्रारीची पोच ४८ तासांत आणि निवारण एका महिन्यात करणे बंधनकारक आहे. या पत्रालाही त्याच मुदतीत, लेखी आणि मराठीत उत्तर द्यावे ही विनंती.

आपले,
ठाणे, कल्याण व डोंबिवली येथील संघटित गेम खेळाडू