छळछावणीची सुरुवात

नाझी छळछावण्यांचा विषय निघाला की डोळ्यांपुढे उभी राहतात ती आउश्वित्झची धुराडी. हे स्वाभाविक आहे. परंतु केवळ शेवटाकडे पाहण्याची सवय जडली की सुरुवातीचा विसर पडतो. आणि ज्यांना लोकशाहीच्या रक्षणाचे राजकारण करावयाचे आहे, त्यांना सुरुवात समजून घेण्याची गरज अधिक. लंडनच्या बर्कबेक महाविद्यालयात अध्यापन करणारे जर्मन इतिहासकार निकोलाउस वाक्समान यांचा २०१५ साली प्रसिद्ध झालेला ‘केएल’ हा ग्रंथ समाजवादी कार्यकर्त्यांनी वाचावयास हवा, तो याच कारणासाठी.

‘केएल’ हे छळछावणीचे नाझी दप्तरातील संक्षिप्त नाव. २७ मुख्य छावण्या, त्यांना जोडलेल्या अकराशेहून अधिक उपछावण्या, १९३३ ते १९४५ या बारा वर्षांत तेथे डांबली गेलेली सुमारे २३ लाख माणसे आणि त्यांतील १७ लाखांहून अधिक मृत्यू, असा हा विस्तार. एस. एस.चे हुकूम, युद्धोत्तर खटल्यांची कागदपत्रे आणि कैद्यांनी जिवावर उदार होऊन केलेल्या नोंदी यांच्या आधारे वाक्समान यांनी तो एका ग्रंथात बांधला आहे. झाल्मेन ग्राडोव्स्की या कैद्याला बिर्केनाऊत प्रेते जाळण्याच्या कामास जुंपले होते. त्याने आपली हस्तलिखिते तेथल्याच मातीत पुरून ठेवली. १९४४ च्या ऑक्टोबरमधील कैद्यांच्या उठावात तो मारला गेला. कागद मात्र उरले. इतिहासकाराचे ऋण प्रथम अशा लेखकांचे असते.

या छावण्यांचे पहिले बळी कोण होते? कम्युनिस्ट, सोशल डेमोक्रॅट आणि कामगार संघटनांचे कार्यकर्ते. २७ फेब्रुवारी १९३३ रोजी राईशस्टागला आग लागली. दुसऱ्याच दिवशी निघालेल्या वटहुकमाने व्यक्तिस्वातंत्र्य, सभास्वातंत्र्य व मुद्रणस्वातंत्र्य गुंडाळले गेले. ‘संरक्षक स्थानबद्धता’ या साळसूद नावाखाली आरोपपत्र, वकील वा न्यायालय यांच्याविना माणूस अनिश्चित काळ कोंडण्याची सोय झाली. डाखाउच्या छावणीची घोषणा तर हिम्लरने पत्रकार परिषद घेऊन केली. जे वृत्तपत्रांत छापून आले, ते आपणास ठाऊकच नव्हते असे म्हणावयास पुढे कोणालाही जागा नव्हती. आणि ज्या कम्युनिस्टांनी कालपर्यंत सोशल डेमोक्रॅटांना ‘सोशल फॅसिस्ट’ म्हणून हिणवले, तेही त्यांच्याच शेजारी त्याच फळ्यांवर निजू लागले. एकजूट झाली, पण ती तारेच्या कुंपणाआड. जर्मन कामगार चळवळीची ही शोकांतिका डाव्या चळवळीत वावरणाऱ्या प्रत्येकाने मनाशी जपून ठेवावी अशी आहे.

पुरावा तेव्हाही होता. १२ एप्रिल १९३३ रोजी डाखाउत चार ज्यू कैद्यांना गोळ्या घालण्यात आल्या. ते पळून जात होते, असा खुलासा झाला. योझेफ हार्टिंगर या सरकारी वकिलाने शवचिकित्सक डॉ. फ्लाम यांच्यासह छावणीत जाऊन तपास केला, आणि जखमांनी निराळीच हकीकत सांगितली. तेथील मृत्यूंचा माग काढत जूनपर्यंत छावणीप्रमुख वेकर्ले व इतरांविरुद्ध आरोप सिद्ध करण्याइतके कागद तयार झाले. ते वरिष्ठांच्या दप्तरात गडप झाले आणि न्यूरेंबर्गच्या खटल्यात पुराव्यादाखल पुढे आले. मधल्या काळात वेकर्ले हटला होता, पण त्याच्या जागी आलेल्या थिओडोर आयकेने क्रौर्याला नियमावलीची शिस्त लावून डाखाउला साऱ्या छावण्यांचा नमुना बनविले. गेर्हार्ट सेगर हे सोशल डेमोक्रॅट प्रतिनिधी ओरानियेनबुर्गहून निसटले व १९३४ साली त्यांनी आपला अनुभव पुस्तकरूपाने जगापुढे ठेवला. सूड म्हणून त्यांच्या पत्नीला व लहान मुलीला अटक झाली.

डाखाउपासून आउश्वित्झपर्यंत सरळ रेषा जात नाही, हे वाक्समान यांच्या प्रतिपादनाचे मर्म. १९३५ च्या उन्हाळ्यात या छावण्यांत चार हजारांहून कमी कैदी उरले होते. खुद्द राजवटीतच त्या चालू ठेवाव्यात की नाही याविषयी वाद होता. कैद्यांना वकील मिळावा ही न्यायमंत्र्यांची मागणी हिटलरने त्याच वर्षी फेटाळली आणि वाद संपला. म्हणजे दार बंद होण्याची शक्यता होती; ते निर्णयपूर्वक उघडे ठेवले गेले. मग त्या दारातून ‘समाजविघातक’ ठरविलेले गरीब, जिप्सी, समलिंगी आत गेले; नोव्हेंबर १९३८ मध्ये सुमारे २६ हजार ज्यू पुरुष गेले. आउश्वित्झही १९४० साली प्रथम उघडले ते पोलिश राजबंद्यांसाठी. कैद्यांचे श्रम एस. एस.ने कारखानदारांना भाड्याने दिले आणि आय. जी. फार्बेनसारख्या कंपन्यांनी ते घेतले. जानेवारी १९४५ मध्ये कैद्यांची संख्या सात लाखांवर पोचली होती.

या अभ्यासातून एक पथ्यही शिकावयाचे आहे. साठ लाख ज्यूंपैकी बहुसंख्यांची हत्या या छावण्यांबाहेर, ट्रेब्लिंकासारख्या निव्वळ संहारासाठी उभारलेल्या ठिकाणी आणि गोळीबारांच्या खंदकांत झाली, हा भेद वाक्समान काटेकोरपणे पाळतात. आपल्या सभांतून मात्र ‘फॅसिझम’ हा शब्द अक्षतांसारखा उधळला जातो. १९७५ ते १९७७ च्या आणीबाणीत ‘मिसा’खाली विनाचौकशी कोंडले गेलेले समाजवादी जाणतात की येरवडा म्हणजे डाखाउ नव्हे. तशी तुलना करणे हा त्या मृतांचा अवमान होईल. परंतु चौकशीविना कोंडण्याचा अधिकार शासनाच्या हाती देणारा कागद कोठेही निघाला, तरी तो वाचताना १९३३ आठवावे, कारण न्यायालयाचे दार बंद झाल्यावर आत काय चालते हे पाहणारा कोणी उरत नाही.

हार्टिंगरचे कागद त्या वेळी कोणाला वाचवू शकले नाहीत. तरीही ते लिहिले गेले म्हणूनच बारा वर्षांनी खून हा खून ठरला. कोठडीतील प्रत्येक मृत्यूची तारीख, नाव व जखम नोंदवून ठेवणे हे कार्यकर्त्याचे काम आहे. इतिहासकार नंतर येतो.