वाळूचोर, तहसीलदार आणि आपण

गोदावरी, भीमा, गिरणा यांच्या पात्रांतून रात्रीं वाळू नेणारें एखादें वाहन महसूल खात्यानें धरलें आणि न्यायालयाच्या हुकुमानें तें सुटलें, अशी बातमी वाचली म्हणजे आमच्या सुशिक्षित वर्गांतून एकच उद्गार निघतो : ‘सरकारनें धरावें आणि कोर्टानें सोडावें; मग नद्या राहाव्या कशा?’ हा उद्गार नदीच्या कळवळ्याचा आहे हें आम्हांस मान्य आहे. परंतु त्यांतील दोषारोप भलत्याच ठिकाणीं केलेला आहे, असें आमचें स्पष्ट मत आहे.

कायदा दुबळा आहे असें कोणीं म्हणूं नये. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966, हिच्या 48 व्या कलमान्वयें विनापरवाना वाळू नेणारास तिच्या बाजारभावाच्या पांचपटीपर्यंत दंड करतां येतो व वाहनहि जप्त करतां येतें. तें सोडवावयाचें तर निराळा दंड भरून, पुन्हा असें होणार नाहीं असा जातमुचलका लिहून द्यावा लागतो. शिवाय असा उपसा फौजदारी कायद्याखालीं चोरीहि ठरूं शकतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयानें 2014 सालीं दिला आहे.

मग वाहनें सुटतात कशीं? ज्या कलमानें अधिकार दिला, त्यानेंच त्याला मर्यादाहि घातली आहे. जप्ती करणारा अधिकारी तहसीलदाराहून खालच्या दर्जाचा असतां कामा नये. आणि वाहन 48 तासांच्या आंत जिल्हाधिकारी, किंवा त्यांनीं नेमलेला निदान उपजिल्हाधिकारी दर्जाचा अधिकारी, यांच्यापुढें आलें पाहिजे. मालकाचें म्हणणें ऐकल्यावांचून दंड ठोठावूं नये, हें तर न्यायाचें मूळाक्षरच होय. आतां जप्ती तलाठ्यानें करावी, पंचनाम्यांत किती ब्रास वाळू हें अंदाजानें लिहावें, 48 तासांचे 48 दिवस व्हावे, आणि छापील नमुन्यांत आंकडा भरून हुकूम सुटावा. असला कागद पुढें आल्यावर न्यायमूर्तींनीं करावें तरी काय?

‘परंतु हा काटेकोरपणा चोराच्याच पथ्यावर पडतो,’ असें कोणी म्हणेल. आमचें म्हणणें नेमकें उलट आहे. जी जप्ती कागदावर चढली नाहीं, ती वाटेंतच सौदा करून सोडतां येते. जी दोन दिवसांत वरिष्ठापुढें गेली, ती सोडतां येत नाहीं. म्हणून हीं बंधनें जितकीं मालकाचीं, तितकींच नदीचींहि राखण करतात. तीं मोडणारा अधिकारी चोराला सुटकेची वाट स्वतःच्या हातानें करून देतो.

वाहनमालकांच्या रडगाण्यालाहि आम्ही भुलत नाहीं. गाडी कर्जाची आहे, चालकानें परस्पर नेली, आवारांत ती गंजते आहे, असें ते सांगतात. जप्त वाहनें पोलीसठाण्यांत दीर्घकाळ पाडून ठेवण्यांत अर्थ नाहीं, योग्य हमी घेऊन तीं सोडावीं, असें सर्वोच्च न्यायालयानें 2002 सालीं सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणांत म्हटलें, हें खरें. पण वाहन गंजूं नये म्हणून हमीवर सोडणें निराळें आणि मालकाला निर्दोष ठरविणें निराळें. मध्यरात्रीं पात्रांत उतरणाऱ्या ट्रकाचा मालक दर खेपेस झोपेंतच असतो, यावर आमचा विश्वास नाहीं. गाडीच्या हप्त्याची चिंता त्याला आहे. वाळू गेल्यानें पाणी धरण्याची पात्राची शक्ति जाते आणि कांठच्या विहिरी आटतात, त्या विहिरींवर पोट भरणाऱ्या शेतकऱ्याची चिंता कोणीं करावयाची?

शेवटीं एक कटु गोष्ट. रात्रीं उपसलेली वाळू दिवसा कोणाच्या तरी अंगणांत पडते, आणि तें अंगण पुष्कळदां आपणां पांढरपेशांचेंच असतें. घर बांधतांना विटा आपण वाजवून घेतों, सिमेंटाच्या गोणीवरील तारीख पाहतों; वाळूच्या गाडीचा वाहतूक परवाना मात्र मागत नाहीं, कारण तो मागितला तर भाव चढेल हें आपणांस ठाऊक असतें. ज्यानें तो कधीं मागितला नाहीं, त्यानें न्यायालयास बोल लावण्यापूर्वीं स्वतःच्या भिंतींकडे एकदां पाहावें.